संसदेच्या समितीकडे निवेदन पाठवायचंय? पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी सगळी प्रोसेस

आमचा गट छोटा आहे. विशेष मुलांच्या पालकांचा, साठ-सत्तर घरं फार तर. काही वर्षांपूर्वी आमच्या मुलांशी थेट संबंध असलेलं एक विधेयक संसदेत आलं आणि आम्ही सगळे कामाला लागलो, चौदा पानी पत्र लिहिलं, जीव ओतून लिहिलं, दिल्लीतल्या खात्याला पाठवलं, पंतप्रधान कार्यालयाला पाठवलं, ओळखीच्या खासदारांना पाठवलं. दोन महिन्यांनी कळलं की विधेयक तेव्हा एका समितीकडे होतं, समितीने लोकांकडून सूचना मागवल्या होत्या आणि ती मुदत आमचं पत्र निघायच्या अकरा दिवस आधीच संपली होती. आमच्या पत्राला पोच सुद्धा आली नाही.

पुढच्या विधेयकाला आम्ही साडेतीन पानांचं निवेदन दिलं, वेळेत दिलं, आणि आम्हाला साक्षीला दिल्लीला बोलावलं. मधल्या काळात जे शिकलो ते इथे क्रमाने लिहितोय. कुठल्या विधेयकावर काय दिलं होतं ते मुद्दाम लिहीत नाहीये, का ते सहाव्या पायरीत कळेल.

एक गोष्ट आधीच सांगतो कारण बाकी सगळं तिच्याभोवती आहे. समितीच्या खोलीत कायदा शब्दाशब्दाने बदलतो, त्यामुळे जो माणूस तिथे नुसती मागणी घेऊन जातो त्याच्यापेक्षा जो बदललेलं वाक्य लिहून घेऊन जातो त्याचं काम जास्त होतं. मोठ्या उद्योग संघटनांना हे पहिल्यापासून माहीत आहे, आपल्याला कुणी सांगत नाही एवढाच फरक.

## १. विधेयक नक्की कुठे आहे ते आधी शोधा

संसदेच्या समित्या खूप आहेत पण विधेयकासाठी तुम्हाला तीनच प्रकार माहीत असले तरी पुरे.

पहिला, विभागवार स्थायी समित्या. या १९९३ मध्ये सुरू झाल्या, तेव्हा १७ होत्या, २००४ पासून २४ आहेत. आरोग्य, शेती, वित्त, गृह अशा खात्यांप्रमाणे वाटलेल्या. प्रत्येकीत ३१ खासदार, २१ लोकसभेचे आणि १० राज्यसभेचे, आणि मंत्री असलेला खासदार यात बसू शकत नाही. समिती दरवर्षी नव्याने बनते. २४ पैकी १६ लोकसभा सचिवालयाकडे चालतात आणि ८ राज्यसभा सचिवालयाकडे, हे लक्षात ठेवा कारण पत्ता त्यावर ठरतो. आरोग्याची राज्यसभेकडे आहे, वित्ताची लोकसभेकडे.

दुसरा, संयुक्त समिती, जिला बातम्यांमध्ये जेपीसी म्हणतात. ही एकाच विधेयकासाठी दोन्ही सभागृहांची मिळून बनते. वक्फ दुरुस्ती विधेयकाची ३१ जणांची होती, एक देश एक निवडणूक वाल्या विधेयकांसाठी ३९ जणांची केली. तिसरा प्रकार प्रवर समिती, म्हणजे एकाच सभागृहाची, २०२५ च्या आयकर विधेयकाला लोकसभेची होती तशी.

फरक का महत्त्वाचा? संयुक्त किंवा प्रवर समिती विधेयकाचा मजकूर स्वतः बदलून, बदललेलं विधेयक अहवालाला जोडून देऊ शकते. स्थायी समिती तसं करत नाही, ती फक्त अहवालात शिफारस करते आणि मग ती मानायची की नाही हे सरकार ठरवतं. म्हणजे स्थायी समितीत जिंकलात तरी अर्धं काम बाकी असतं.

आता सापळा. प्रत्येक विधेयक समितीकडे जातंच असं अजिबात नाही. पीआरएस ही संस्था याची मोजदाद ठेवते, त्यांच्या आकड्यांप्रमाणे पंधराव्या लोकसभेत ७१ टक्के विधेयकं समितीकडे गेली होती आणि सतराव्या लोकसभेत १६ टक्के. २०२० चे तीन शेती कायदे आधी जूनमध्ये अध्यादेश म्हणून आले, सप्टेंबरमध्ये कुठल्याही समितीकडे न जाता पास झाले, मग शेतकरी वर्षभर दिल्लीच्या सीमेवर बसले आणि नोव्हेंबर २०२१ मध्ये कायदे मागे घेतले गेले. मला मनापासून वाटतं की जे बोलणं समितीच्या खोलीत व्हायला हवं होतं ते रस्त्यावर झालं, आणि त्याची किंमत माणसांनी मोजली.

तुमचं विधेयक समितीकडे गेलं नसेल तर दोन रस्ते उरतात. एक म्हणजे विधेयक यायच्या आधीच पकडणं. २०१४ चं पूर्व-विधायी सल्लामसलत धोरण आहे, त्यानुसार खात्याने कायद्याचा मसुदा किमान ३० दिवस लोकांसाठी ठेवायचा असतो. ते धोरण आहे, कायदा नाही, त्यामुळे पाळलं जातंच असं नाही, पण मसुदा आला की तो काळ सोन्यासारखा वापरा. दुसरा रस्ता म्हणजे विधेयक समितीकडे पाठवा अशी मागणी खासदारांमार्फत सभागृहात लावून धरणं.

विधेयकाची सध्याची स्थिती संसद डॉट इन या सरकारी साईटवर दिसते. पीआरएसच्या साईटवर तीच माहिती जरा सोप्या मांडणीत मिळते आणि बऱ्याच विधेयकांवर त्यांची चार-सहा पानी टिपणं पण असतात, आम्ही अजूनही सुरुवात तिथूनच करतो.

## २. खोलीत आधीपासून कोण बसलंय ते ओळखा

ही पायरी लोक सोडून देतात आणि मग आपलं म्हणणं कुणीच कसं ऐकलं नाही म्हणून वाईट वाटून घेतात.

कुठल्याही विधेयकाभोवती हितसंबंध असलेले गट असतात. सीआयआय, फिक्की, असोचॅम, नॅसकॉम यांच्यासारख्या उद्योग संघटना, कामगार संघटना, डॉक्टर-वकिलांच्या संघटना, शेतकरी संघटना, ग्राहक गट, नागरिकांची अभियानं, आणि आमच्यासारखे छोटे गट. आपल्याकडे लॉबिंगसाठी, म्हणजे खासदार-अधिकाऱ्यांना भेटून आपलं म्हणणं रेटण्यासाठी, वेगळा कायदाच नाही, नोंदणी नाही, कोण कुणाला भेटलं याचं रजिस्टर नाही. २०१३ मध्ये लोकसभेत यावर एक खासगी सदस्य विधेयक (मंत्री नसलेल्या खासदाराने मांडलेलं) आलं होतं पण ते पुढे गेलं नाही. त्यामुळे कोण काय सांगतंय हे आपल्यालाच शोधावं लागतं.

शोधायचं कसं? त्याच समितीचे जुने अहवाल उघडा आणि थेट शेवटी जा. परिशिष्टात साक्ष दिलेल्यांची आणि बऱ्याचदा निवेदन पाठवलेल्यांची यादी असते. ती यादी वाचली की त्या विषयावर दरवेळी कोण येतं ते समजतं. आमच्या विषयावरच्या एका अहवालात पालकांचा एकही गट नव्हता, सगळे तज्ज्ञ आणि संस्थाचालक. तिथेच आम्हाला आमची जागा कळली, की आपण जे रोज घरात बघतो ते सांगणारं तिथे दुसरं कुणीच नाहीये.

गट किती बदल घडवू शकतात याची दोन-तीन उदाहरणं देतो म्हणजे हे सगळं करण्यात अर्थ आहे का ही शंका राहणार नाही.

वनहक्क कायदा घ्या. डिसेंबर २००५ मध्ये विधेयक आलं ते फक्त अनुसूचित जमातींसाठी होतं आणि हक्क मिळायला जंगलातल्या जमिनीवर २५ ऑक्टोबर १९८० च्या आधीपासूनचा ताबा लागणार होता. आदिवासी आणि जंगलात राहणाऱ्यांच्या संघटनांनी देशभर रान उठवलं, दुसऱ्या बाजूला वन्यजीव संरक्षणवाले गटही तितक्याच जोराने विरोध करत होते, आणि विधेयक किशोरचंद्र देव यांच्या अध्यक्षतेखालच्या संयुक्त समितीकडे गेलं. समितीने तारीख पुढे आणून १३ डिसेंबर २००५ करायला सांगितलं आणि जमातीबाहेरच्या पारंपरिक वननिवासींनाही घ्यायला सांगितलं. दोन्ही गोष्टी कायद्यात आल्या. पंचवीस वर्षांचा फरक एका तारखेत! पण त्याच कायद्यात इतर वननिवासींसाठी तीन पिढ्यांची अट आहे आणि एका पिढीचा अर्थ २५ वर्षं असा दिलाय, म्हणजे ७५ वर्षांचा पुरावा आणा. गडचिरोलीपासून ठाण्यापर्यंत कितीतरी बिगर-आदिवासी कुटुंबांचे दावे या एका ओळीवर अडतात. म्हणून म्हणतो, व्याख्या आणि स्पष्टीकरणं वाचा, मोठमोठी कलमं वाचून थांबू नका.

माहिती अधिकाराचं तसंच. राजस्थानातल्या मजदूर किसान शक्ती संघटनेपासून सुरू झालेली मागणी, आपल्याकडे अण्णा हजारेंची आंदोलनं, आणि डिसेंबर २००४ मध्ये केंद्राने विधेयक आणलं तर ते केंद्र सरकारच्या कार्यालयांपुरतंच होतं. समितीकडे नागरिक गटांनी मांडणी केली, समितीने राज्यांनाही लागू करा अशी शिफारस केली, आणि म्हणून आज आपण तलाठी ऑफिसात माहितीचा अर्ज देऊ शकतो.

उद्योगांचं उदाहरण पण बघा. २०१९ च्या वैयक्तिक डेटा संरक्षण विधेयकात संवेदनशील डेटा भारतात साठवलाच पाहिजे अशी तरतूद होती. टेक कंपन्या आणि त्यांच्या संघटनांनी तिला सतत विरोध केला. संयुक्त समितीने दोन वर्षं घेतली, डिसेंबर २०२१ मध्ये ८१ दुरुस्त्या सुचवल्या, ऑगस्ट २०२२ मध्ये सरकारने विधेयकच मागे घेतलं आणि २०२३ मध्ये जो नवा कायदा आला त्यात सरकार ज्या देशांना मनाई करेल ते सोडून बाकीकडे डेटा नेता येतो. हे एकट्या कंपन्यांमुळे झालं असं मी म्हणत नाही, पण त्यांची माणसं मसुद्यापासून शेवटपर्यंत प्रत्येक टप्प्यावर हजर होती. आपण बहुतेक वेळा एकाच टप्प्यावर जातो आणि थकतो.

## ३. जाहिरात आणि मुदत

समिती सूचना मागवते तेव्हा वर्तमानपत्रात जाहिरात देते आणि संसदेच्या साईटवर टाकते. मुदत बहुतेक वेळा पंधरा दिवसांची, कधी जास्त. पंधरा दिवस म्हणजे काहीच नाही, त्यात तुम्हाला विधेयक वाचायचंय, गटात चर्चा करायचीय, लिहायचंय, भाषांतर करायचंय. म्हणून जाहिरातीची वाट बघूच नका, विधेयक समितीकडे गेल्याची बातमी आली त्याच दिवशी लिहायला बसा. आम्ही आता गटातल्या दोघांवर जबाबदारी टाकलीय, अधिवेशन चालू असताना रोज रात्री साईट बघायची.

मुदत उलटून गेली तर? तरीही पाठवा, उशिराबद्दल एक ओळ लिहून. घ्यायचं की नाही हा समितीचा अधिकार आहे, पण समित्यांनाच बऱ्याचदा मुदतवाढ मिळते आणि काम लांबतं.

## ४. विधेयक वाचायचं कसं

सुरुवातीपासून वाचू नका. आधी शेवटचं 'उद्देश आणि कारणे' हे पान वाचा, सरकार हे का आणतंय ते तिथे असतं. मग व्याख्या. मग 'विहित केल्याप्रमाणे' हे शब्द जिथे जिथे आहेत तिथे पेन्सिलने खूण करा, कारण याचा अर्थ खरी गोष्ट नंतर नियमांमध्ये ठरणार. मग दंड आणि शिक्षेची कलमं. मग बाकीचं.

दुरुस्ती विधेयक असेल तर मूळ कायदा शेजारी उघडून ठेवल्याशिवाय काही समजणार नाही. 'कलम ७ मधील अमुक शब्दांऐवजी तमुक शब्द' एवढंच लिहिलेलं असतं. आम्ही मूळ कायद्याच्या प्रिंटवर लाल पेनाने बदल उतरवले, दोन संध्याकाळ गेल्या, पण त्यानंतर गटातल्या प्रत्येकाला चित्र दिसलं. वकील ओळखीचा असेल तर विचारा, नसेल तर अडून बसू नका, वाचून वाचून जमतं.

## ५. निवेदन लिहिणं (इथे सगळ्यात जास्त वेळ द्या)

आमच्या पहिल्या चौदा पानांमध्ये काय होतं? मुलांच्या गोष्टी, सरकारी ऑफिसातले हाल, समाजाची नजर, आणि शेवटी 'तरी आमच्या मुलांचा सहानुभूतीने विचार व्हावा'. त्यातला शब्दन् शब्द खरा होता. पण समितीच्या अधिकाऱ्याने ते कुठल्या कलमासमोर मांडायचं? समिती विधेयक कलमवार तपासते, सचिवालय आलेल्या सूचना कलमवार लावतं, खात्याला त्यावर उत्तर द्यायला सांगतं. ज्या सूचनेला कलम नंबर नाही तिला बसायला जागाच नसते.

म्हणून चार रकान्यांचा तक्ता करा. कलम क्रमांक, विधेयकातले सध्याचे शब्द, आम्ही सुचवतो ते शब्द, आणि कारण.

खरं उदाहरण देतो. सरोगसीच्या विधेयकात आधी होतं की सरोगट आई ही जोडप्याची जवळची नातेवाईकच असली पाहिजे. राज्यसभेच्या प्रवर समितीने २०२० च्या अहवालात त्याऐवजी 'इच्छुक स्त्री' असं सुचवलं. पाच वर्षं मूल न होण्याची अट काढा म्हणाले, सरोगट आईच्या विम्याचा काळ १६ महिन्यांवरून ३६ महिने करा म्हणाले, विधवा आणि घटस्फोटित स्त्रियांनाही सरोगसीने मूल होऊ द्या म्हणाले. २०२१ च्या कायद्यात या गोष्टी आल्या. आता हेच तक्त्यात कसं दिसेल बघा: सध्याचे शब्द 'जवळची नातेवाईक', सुचवलेले शब्द 'इच्छुक स्त्री', कारण दोन-तीन ओळी. बस. चौदा पानांचं दुःख एका ओळीत बसतं आणि मग ती ओळ लोक उचलून पुढे नेऊ शकतात.

लिहिताना आम्हाला उपयोगी पडलेल्या गोष्टी, क्रम असाच काही नाही:

पहिल्या पानावर तुम्ही कोण, किती लोक, किती वर्षं, हे चार ओळीत. मग लगेच तुमच्या तीन मुख्य सूचना. तीनच. खासदाराकडे शेकडो पानं येतात, त्याने पहिलं पान वाचून खाली ठेवलं तरी तुमचं काम झालं पाहिजे.

कारण लिहिताना भावना टाका पण आकड्याला किंवा घटनेला बांधून टाका. 'पालकांना खूप त्रास होतो' ऐवजी 'आमच्या गटातल्या ६२ पैकी ४१ कुटुंबांना प्रमाणपत्रासाठी तीनपेक्षा जास्त वेळा जिल्ह्याच्या ठिकाणी जावं लागलं' असं. हे आकडे आम्ही फोन करून एका रविवारी गोळा केले. छोट्या गटाकडे हेच असतं जे मोठ्या संघटनेकडे नसतं, खरी घरं, खरे अनुभव. पण आकडा फुगवू नका, साक्षीत विचारतात.

ज्या कलमाशी सहमत आहात तेही लिहा. सगळ्याला विरोध केला की सगळंच एका फटक्यात बाजूला पडतं. आणि चांगलं कलम दुसरा गट काढायला सांगत असेल तर ते ठेवा म्हणणारं कुणीतरी हवं ना.

भाषा. निवेदन इंग्रजी किंवा हिंदीत मागतात, जाहिरातीत लिहिलेलं असतं. मला हे खटकतं, मराठीत विचार करणाऱ्या माणसाला इथेच पहिली अडचण येते. आम्ही आधी मराठीतच पूर्ण लिहिलं, सगळ्यांनी वाचलं, भांडलो, पक्कं केलं, आणि मग एका शिक्षिकेकडून हिंदी करून घेतलं. थेट हिंदीत लिहायला बसलो असतो तर अर्ध्या आयांनी तोंड उघडलं नसतं. (राज्याच्या विधिमंडळाच्या समितीकडे मराठीत देता येतं, जनसुरक्षा विधेयकाच्या वेळी कितीतरी लोकांनी दिल्या तशा.)

आणखी एक सापळा म्हणजे कॉपी-पेस्ट. व्हॉट्सॲपवर एक तयार मजकूर फिरतो, 'हा ईमेल अमुक पत्त्यावर पाठवा'. वक्फ दुरुस्ती विधेयकाच्या संयुक्त समितीकडे सगळी मिळून सुमारे ९७ लाख निवेदनं आली होती. संख्येने लोकांची तीव्रता दिसते हे खरं, पण कलमातला शब्द बदलायला मला तरी एका नीट लिहिलेल्या तक्त्यावर जास्त भरवसा वाटतो. दोन्ही करायचं असेल तर करा, पण तुमच्या गटाचं स्वतंत्र निवेदन हवंच.

## ६. पाठवणं, आणि गप्प बसणं

बहुतेक जाहिरातींमध्ये दोन प्रती मागतात, पोस्टाने आणि ईमेलने दोन्ही चालतं. आम्ही दोन्ही करतो, स्पीड पोस्टची पावती जपून ठेवतो. पत्ता जाहिरातीत असतो तोच घाला, लोकसभा सचिवालय की राज्यसभा सचिवालय हे नीट बघा.

सोबत काय काय लागतं:

- सही केलेलं निवेदन, पानांना नंबर घातलेलं
- संस्था असेल तर नोंदणी प्रमाणपत्राची प्रत, नसेल तर 'आम्ही खालील नागरिक' म्हणून नावं-सह्या
- ज्याच्या नावाने पाठवताय त्याला गटाने अधिकार दिल्याचा ठराव किंवा पत्र
- संपर्काचा फोन आणि ईमेल, जो रोज बघितला जातो असा
- तुम्ही दिलेल्या आकड्यांचा आधार, वेगळं परिशिष्ट करून
- 'समितीसमोर तोंडी साक्ष द्यायची इच्छा आहे' हे वाक्य. हे लिहिलं नाही तर बोलावणार नाहीत. लिहिलं तरी बोलावतीलच असं नाही, निर्णय समितीचा.

आता गोपनीयता. समितीकडे दिलेलं निवेदन समितीच्या रेकॉर्डचा भाग होतं आणि ते गोपनीय मानलं जातं, जाहिरातीतच तसं लिहिलेलं असतं. ते जसंच्या तसं फेसबुकवर टाकणं म्हणजे संसदेच्या विशेषाधिकाराचा भंग होऊ शकतो. आमच्यातल्या एकाने उत्साहाने ग्रुपवर पीडीएफ टाकली होती, लगेच काढायला लावली. विधेयकावर तुमचं मत लेखात लिहा, सभेत बोला, त्याला कुणी अडवत नाही, फक्त समितीला दिलेला तो कागद फिरवू नका.

## ७. खासदारांना भेटा, पण रिकाम्या हाताने नको

समितीच्या सदस्यांची यादी साईटवर असते. त्यातले महाराष्ट्रातले कोण ते बघा, पक्ष बघू नका. समितीत पक्षाचा व्हिप, म्हणजे मत कसं द्यायचं याचा आदेश, चालत नाही आणि बैठका बंद दाराआड होतात, कॅमेरे नसतात, त्यामुळे सभागृहात जे खासदार एकमेकांवर ओरडताना दिसतात तेच तिथे बऱ्यापैकी शांतपणे मुद्द्यावर बोलतात. सत्ताधारी पक्षाचा सदस्य सुद्धा तिथे खात्याच्या सचिवाला कडक प्रश्न विचारू शकतो.

अधिवेशन नसताना शनिवार-रविवारी मतदारसंघात भेटणं सोपं. एकच पान न्या, त्यावर तीन प्रश्न लिहा जे त्यांनी खात्याला विचारावेत. प्रश्न का? कारण प्रश्न विचारणं हे खासदाराचं काम आहे, ते त्याला आयतं मिळालं की तो वापरतो. आम्ही दिलेल्या तीनपैकी एक विचारला गेल्याचं खूप नंतर अहवालातल्या खात्याच्या उत्तरावरून कळलं.

पीएला वगळून जाऊ नका. कागद कुठल्या फाईलमध्ये जाणार हे तोच ठरवतो.

## ८. साक्षीला बोलावलं तर

फोन किंवा ईमेल येतो, वेळ फार कमी देतात, आम्हाला पाच दिवस मिळाले. कोण येणार त्यांची नावं आधी कळवायची, पासची व्यवस्था सचिवालय करतं, ओळखपत्र मूळ न्या. प्रवासाचे पैसे गटातून आधीच बाजूला ठेवा, ऐनवेळी तिकीट महाग पडतं.

दोघं किंवा तिघं जा, एकाने कलमांवर बोलायचं, एकाने अनुभवावर. आम्हाला दहा मिनिटं मिळाली आणि त्यातली सहा प्रश्नांमध्ये गेली. मी पाठ करून गेलेलं भाषण पहिल्याच मिनिटाला थांबवलं गेलं, अध्यक्ष म्हणाले तुमचं लिखित आमच्याकडे आहे, कलमावर बोला. तेव्हा सोबतच्या ताई, ज्यांनी आयुष्यात कधी माईक धरला नव्हता, त्या साध्या हिंदीत बोलल्या की साहेब, या कलमातल्या 'दरवर्षी' या शब्दामुळे मला माझ्या मुलाला पाठीवर घेऊन दरवर्षी जिल्ह्याला जावं लागेल, त्याचा आजार तर जन्मभराचा आहे. खोली शांत झाली. नंतर तीन सदस्यांनी त्याच शब्दावर प्रश्न विचारले.

माहीत नसेल तर 'आठवड्यात लेखी कळवतो' म्हणा आणि खरंच कळवा. खोटं बोलायचं नाही, शपथेवर साक्ष घेण्याचा अधिकार समितीला आहे. आणि आत काय झालं ते अहवाल संसदेत मांडला जाईपर्यंत बाहेर बोलायचं नाही, पत्रकाराला तर नाहीच.

## ९. अहवाल आला म्हणजे संपलं नाही

अहवाल साईटवर येतो. आधी तुमची कलमं शोधा, खात्याने काय उत्तर दिलं ते वाचा, मग समितीची शिफारस, आणि शेवटी भिन्नमत टिपणं, म्हणजे ज्या सदस्यांना बहुमत पटलं नाही त्यांनी लिहिलेलं. तुमची सूचना मुख्य अहवालात नसली तरी भिन्नमतात असू शकते आणि सभागृहातल्या चर्चेत तीच दुरुस्ती म्हणून येऊ शकते.

शिफारशी सरकारवर बंधनकारक नसतात. त्यामुळे अहवाल आल्यावर लगेच खात्याला पत्र द्या, समितीच्या शिफारशीचा परिच्छेद क्रमांक टाकून, की ही मान्य करा. दिव्यांग हक्क विधेयक फेब्रुवारी २०१४ मध्ये राज्यसभेत आलं, समितीचा अहवाल मे २०१५ मध्ये, आणि पास झालं डिसेंबर २०१६ मध्ये. अहवालानंतरच्या त्या दीड वर्षात दिव्यांगांच्या संघटना गप्प बसल्या नाहीत. शेवटी जो कायदा झाला त्यात अपंगत्वाचे २१ प्रकार आले, १९९५ च्या कायद्यात ७ होते.

एक तांत्रिक सापळा: लोकसभा विसर्जित झाली की लोकसभेत प्रलंबित असलेली विधेयकं रद्द होतात. राज्यसभेत मांडलेलं आणि तिथेच प्रलंबित असलेलं विधेयक टिकतं. निवडणूक जवळ असेल तर हे बघून ताकद लावा.

## १०. नियमांचा मसुदा सोडू नका

चौथ्या पायरीत 'विहित केल्याप्रमाणे'वर खुणा करायला सांगितल्या होत्या, त्या आता कामाला येतात. कायदा पास झाल्यावर खातं नियम बनवतं आणि बऱ्याचदा मसुदा राजपत्रात टाकून हरकती मागवतं. डेटा संरक्षण कायदा ऑगस्ट २०२३ चा, त्याच्या नियमांचा मसुदा आला ३ जानेवारी २०२५ ला. इतक्या दिवसांत नागरिक गट पांगलेले असतात, उद्योग संघटनांचे पगारी लोक तिथेच असतात.

नियमांवरही संसदेची नजर असते, त्यासाठी दोन्ही सभागृहांच्या अधीनस्थ विधान समित्या आहेत. तिथेही हितसंबंध पोचतात. तंबाखूच्या पाकिटावर ८५ टक्के जागेत चित्र-इशारा छापायचा नियम सरकारने २०१४ मध्ये काढला, लोकसभेच्या या समितीने तो लांबणीवर टाकायला सांगितलं, पुढे ५० टक्केच ठेवा म्हणाली. समितीतल्या एका सदस्याचा स्वतःचा विडीचा व्यवसाय होता हे तेव्हा बातम्यांमध्ये खूप गाजलं. आरोग्य क्षेत्रातले गट आणि डॉक्टर मागे हटले नाहीत आणि १ एप्रिल २०१६ पासून ८५ टक्केच लागू झालं. तुमच्या समितीत कुणाचा असा थेट आर्थिक संबंध दिसला तर अध्यक्षांना लेखी कळवा, पुराव्यासकट, आरडाओरडा न करता.

मसुदा नियमांवर हरकत द्यायला नवीन काही शिकावं लागत नाही. पाचव्या पायरीतला तोच चार रकान्यांचा तक्ता, फक्त पहिल्या रकान्यात कलमाच्या जागी नियम क्रमांक, आणि कारणाच्या रकान्यात समितीच्या अहवालातला तुमच्या बाजूचा परिच्छेद जोडायचा.